लांबून आलेल्याची बाजू

कतारमधल्या उम्म सलाल मोहम्मदच्या मैदानाला दोनच बाजू होत्या. मैदानाला चार बाजू असतात हे शाळेतलं पोरही सांगेल, पण फायनलच्या दिवशी मोजायच्या त्या दोनच, एक भिंतीकडची आणि एक रस्त्याकडची. भिंतीकडच्या बाजूला एका शेताची उंच भिंत, भिंतीआड खजुराची झाडं आणि दुपारी चारनंतर या दोहोंची मिळून पडणारी सावली. रस्त्याकडच्या बाजूला रस्ता. बस्स. सावलीतले राखीव खेळाडू पाय पसरून बर्फाचं पाणी प्यायचे. रस्त्याकडचे बिचारे उतरत्या उन्हात डोळ्यांवर हात धरून आपला कोण आणि परका कोण हे ओळखत बसायचे, आणि त्यांच्या सँडविचमध्ये ब्रेडपेक्षा वाळू जास्त असायची. फायनलमध्ये कुठल्या संघाला कुठली बाजू द्यायची हे आठ वर्षं ठरवत होता शहाजी मोहिते. त्याला फुटबॉलमधलं ओ की ठो कळत नव्हतं.

पण तीच तर त्याची मोठी लायकी. शहाजी विट्याकडचा. कुस्तीत हाडं झिजवलेला, मानेनं बैल आणि चालीनं म्हैस. चौऱ्याहत्तर साली मेसईदच्या एका खतकारखान्यात ड्रायव्हर म्हणून आला आणि कंपनीच्या बसच्या सीटवर जो बसला तो बसलाच. बायको बायडाबाई आणि तीन पोरं गावी. दोन वर्षांतून एकदा दोन महिने रजा. तेवढ्यात संसार, शेती, भावकीची भांडणं आणि पोरांचे लाड सगळं उरकायचं आणि परत यायचं. अशा माणसाला फुटबॉलची आवड कुठून असणार? एका चेंडूमागं बावीस माणसं धावतात हे त्यानं पहिल्यांदा बघितलं तेव्हा तो एवढंच म्हणाला, "अरं, एकेकाला एकेक चेंडू द्या की. कंपनीला काय कमी हाय?"

बाकी सगळे मात्र फुटबॉलच्या नावानं वेडे. गोव्याचे, केरळचे, कलकत्त्याचे आणि आपले वसईचे. प्रत्येक कंपनीचा संघ, प्रत्येक संघाला एक मॅनेजर आणि प्रत्येक मॅनेजरला वाटायचं की जगाचं लक्ष आपल्याकडे आहे. फायनल दोघांपैकी कुणाच्याच अंगणात नको म्हणून उम्म सलालचं तिऱ्हाईत मैदान निवडलेलं. तिऱ्हाईत मैदानावर यजमान कुणीच नाही, म्हणजे चांगली बाजू कुणाची हे ठरवायलाही कुणी नाही. शहात्तर सालच्या पहिल्याच फायनलला त्यावरून जुंपली. नाणं उडवलं, ते वाळूत पडलं आणि गडप झालं. चाळीस माणसं पाऊण तास वाळू चाळत होती. नाणं सापडलं नाही, पण हाणामारीला कारण सापडत आलं होतं. शहाजी प्रेक्षकांची बस घेऊन आला होता आणि टायरला टेकून भाकरी खात होता. शेवटी तोच वैतागून म्हणाला, "आमच्याकडं कुस्तीच्या फडात लांबनं आलेल्या पैलवानाला सावलीत बसवत्यात. जवळचं काय, हरलं तरी घरला जाऊन झोपत्यात. मीटर बघा की बसचं! ज्याचं किलोमीटर जादा, त्याला भिंत."

इतकं साधं कुणाला सुचलं नव्हतं, कारण सगळे शिकलेले होते. स्पर्धेचा सेक्रेटरी होता विल्यम लोपीस, दोह्याच्या इस्पितळात एक्स-रे काढणारा वसईकर. त्यानं तिथल्या तिथं वहीत नियम लिहिला. दोन्ही संघांच्या ड्रायव्हरांनी निघताना मीटरचा आकडा टिपायचा, पोचल्यावर परत टिपायचा, एकमेकांच्या गाडीत चढून खात्री करायची, आणि मग शहाजीनं बाजू जाहीर करायची. शहाजीच का? कारण तो गोव्याचा नाही, केरळचा नाही, वसईचा नाही, देवळातला नाही की चर्चमधला नाही, आणि जिंकलं कोण हे त्याला दुसऱ्या दिवशी विचारलं तर आठवायचं नाही. एवढा निःपक्षपाती माणूस अख्ख्या आखातात मिळाला नसता.

तेव्हापासून शहाजीचा मान वाढला. फायनलच्या शुक्रवारी तो दाढी करायचा, पांढरा शर्ट घालायचा आणि मैदानाच्या मधोमध उभा राहून हात लांब करून ओरडायचा, "भिंत अमुक! रस्ता तमुक!" मोठमोठे इंजिनियर त्याच्या बोटाकडे बघत असायचे. वर्षाचे तीनशे चौसष्ट दिवस "ए ड्रायव्हर" म्हणून हाक येणाऱ्या माणसाला हा एक दिवस पुरायचा. गावी पत्रात तो लिहायचा की इकडं मला पंच केलंय. कशाचा पंच ते लिहायचा नाही.

दुसऱ्या बसचा ड्रायव्हर बहुतेक वेळा हाफिज परकार असायचा. हा चिपळूणकडचा, दुखानच्या तेलकंपनीत. दुखानचा संघ तगडा, बहुतेक वर्षी फायनलला यायचाच, आणि दुखान पडलं पार पश्चिम टोकाला. शंभराच्या वर किलोमीटर. म्हणजे भिंत त्यांचीच. हाफिज शहाजीपेक्षा दहा वर्षांनी मोठा, किडकिडीत, कमी बोलणारा. दोघं एकमेकांच्या गाडीत चढायचे, आकडा बघायचे, "बरोबर" म्हणायचे आणि मग चहा प्यायला जायचे. आठ वर्षांत एकदाही वाद नाही. खेळाडू, मॅनेजर, रेफरी सगळ्यांवर आरोप झाले, पण दोन ड्रायव्हरांवर कुणी बोट ठेवलं नाही.

आता यात चार्ल्स तुस्कानोच्या नाकाला मिरच्या झोंबायचं कारण काय? चार्ल्स शहाजीच्याच कारखान्यात पर्सोनेल ऑफिसात होता. वसईचा, केसांना तेल, खिशाला दोन पेनं, आणि कारखान्याच्या संघाचा मॅनेजर. मेसईदचा संघ तीनदा फायनलला गेला, तीनदा दुखानशी भिडला, तीनदा रस्त्याकडे बसला आणि तीनदा हरला. आपले बॅक दारासारखे उघडे राहतात आणि आपला गोलकीपर चेंडू आला की छातीवर क्रूस काढतो, ही कारणं चार्ल्सला पटत नव्हती. त्याला एकच कारण पटलं होतं, सावली. "हा नियम नाही," तो म्हणायचा, "हा दुखानचा जावई आहे!"

चौऱ्याऐंशी साली मेसईद चौथ्यांदा फायनलला पोचलं. समोर दुखान. मे महिन्याची चार तारीख, शुक्रवार.

आणि त्याच मे महिन्याच्या पंधरा तारखेला शहाजीच्या थोरल्या लेकीचं, शालनचं लग्न होतं.

रजेचा अर्ज त्यानं फेब्रुवारीतच दिला होता. तो चार्ल्सच्या टेबलावर होता. फेब्रुवारीत चार्ल्स म्हणाला, फार लवकर आहे. मार्चमध्ये म्हणाला, बघतो. एप्रिलमध्ये म्हणाला, प्लँटचा शटडाउन आहे, आता कुणालाच रजा नाही. शटडाउन म्हणजे कारखाना बंद ठेवून दुरुस्ती. त्यात बसच्या ड्रायव्हरचं काय काम अडत होतं ते कारखान्यालाच ठाऊक. अर्जावर सही झाली तरी पुढं खुरूजचा कागद, म्हणजे देश सोडायची परवानगी, आणि त्याला आठवडा जायचा. पाच तारखेच्या शनिवारी अर्ज पुढं सरकला तरच शहाजी लग्नाला पोचणार. नाहीतर शालनचा हात कुणी काकानं द्यायचा आणि बापानं मेसईदमध्ये बस धुवायची.

बायडाबाईनं दुसऱ्याकडून लिहवून घेतलेल्या पत्रात दोनच ओळी होत्या. "शालन विचारते आबा येणार का. मी होय म्हणून सांगितले आहे." शहाजीनं ते पत्र वाचलं, घडी घातली, परत उघडून वाचलं. शालन तीन वर्षांची असताना तो बस चालवायला मुंबईला गेला होता, सात वर्षांची असताना कतारला आला. तिची पहिली साडी त्यानं फोटोत बघितली. आता ती दुसऱ्याच्या घरी जाणार आणि तेही तो फोटोतच बघणार, या विचारानं त्यानं पत्र तिसऱ्यांदा उघडलं.

गुरुवारी दुपारी चार्ल्सनं त्याला ऑफिसात बोलावलं. एसी लावलेला, दार बंद.

"शहाजी, उद्या बस समैस्मावरून न्यायची."

"समैस्मा? साहेब, मैदान उम्म सलालला हाय. समैस्मा तिथनं पुढं तीस-पस्तीस किलोमीटर. पार दर्याच्या काठाला."

"मला जिऑग्रफी शिकवू नको. मुलांना समुद्राची हवा लागली की फ्रेश होतील. मग मागे फिरायचं आणि ग्राउंडवर यायचं."

शहाजीच्या डोक्यात प्रकाश पडायला मिनिटभर लागलं. सत्तर किलोमीटरच्या जागी एकशे चाळीस. दुखान शंभर-पाच. भिंत मेसईदची.

"साहेब, आवं मीटर बघायचं म्हंजी कोण लांबनं आलं ते बघायचं. कोण हिंडून आलं ते न्हवं."

"नियमात काय लिहिलंय? ज्याचे किलोमीटर जास्त. हिंडून आला की सरळ आला, हे कुठं लिहिलंय? विल्यमची वही मी वाचलीय." चार्ल्सनं ड्रॉवर उघडला, शहाजीचा अर्ज काढला, त्याच्याकडे प्रेमानं बघितलं आणि आपल्या बॅगेत ठेवला. "हे मी उद्या बरोबर आणतो. मॅच झाली की बघू. इन्शाल्ला."

या चार्ल्सनं कधी दारू प्यायली नाही, कुणाचा पैसा खाल्ला नाही, तिकडं सुट्टी शुक्रवारची, म्हणून चर्चच्या प्रार्थनेला दर शुक्रवारी पहिल्या रांगेत. माणूस अगदी सज्जन. फक्त त्याला एक कप हवा होता, पत्र्याचा, वर सोनेरी मुलामा दिलेला.

संध्याकाळी बस धुताना शहाजी स्वतःलाच शिव्या देत होता. नियम आपला. आपल्या तोंडून निघालेला. लोकांनी आठ वर्षं मान दिला तो कशाला, तर हा माणूस खोटं करणार नाही म्हणून. मग त्याला शालन आठवायची आणि तो बादलीभर पाणी काचेवर भिरकावायचा. वाकड्या वाटेनं जायचं की सरळ, एवढाच प्रश्न होता, आणि ड्रायव्हरला तो सुटत नव्हता.

शुक्रवारी एक वाजता बस निघाली. एसी नसलेली बस, मे महिना, सत्तावीस माणसं आणि चार्ल्सनं खास बनवून आणलेली उकडलेल्या अंड्यांची सँडविचेस. वक्रा गेलं, दोहा गेलं, उत्तरेचा रस्ता लागला. सव्वादोनला उम्म सलालचा फाटा दिसला. शहाजीनं बस कडेला घेतली आणि इंजिन बंद केलं.

"काय झालं?" चार्ल्स पुढच्या सीटवरून उठला.

"साहेब, हितनं डावीकडं वळलं की मैदान. सरळ गेलं की समैस्मा. तुमी म्हणाल तिकडं जातो. पर आधी सही."

"मॅच झाल्यावर बघू म्हटलं ना?"

"मॅच झाल्यावर तुमी जिंकला तर नाचाल न् हरला तर रडाल. सही कवा कराल?"

"ब्लॅकमेल करतोस? मला?"

"न्हाई साहेब. ब्रेक लावलाय."

मागं पोरं ओरडायला लागली. बस उभी म्हणजे वारा बंद, आणि वारा बंद म्हणजे भट्टी. चार्ल्सनं इकडं बघितलं, तिकडं बघितलं, घड्याळ बघितलं आणि बॅग उघडली. कागद ठेवायला जागा नाही म्हणून स्टिअरिंगवर ठेवून सही केली. पेन दाबल्यावर हॉर्न वाजला, लांबलचक. कतारमधली बहुधा ही एकच रजा जी वाजतगाजत मंजूर झाली.

हॉर्न ऐकून कुणीतरी उत्तरादाखल हॉर्न दिला. मागून दुखानची बस आली होती आणि फाट्याला डावीकडे वळत होती. खिडकीतून हाफिजनं हात वर केला, नेहमीसारखा. चल, असं खुणावलं. शहाजीनं अर्ज बनियनच्या आत छातीशी खोचला, गाडी सुरू केली आणि सरळ निघाला. आरशात दिसलं की दुखानची बस वळणावर क्षणभर थांबली. हाफिजचं डोकं खिडकीबाहेर होतं. शहाजीला इतकी लाज वाटली की त्यानं आरसा हातानं फिरवून आकाशाकडे केला.

समैस्माला समुद्राची हवा होती हे खरं. पण तिथं समुद्रही होता, आणि हे चार्ल्सच्या लक्षात आलं नव्हतं. पाणी बघून पोरांनी बूट काढले आणि सगळी टीम गुडघाभर पाण्यात. चार्ल्स काठावरून "यल्ला! यल्ला! चला!" करून घसा फोडत होता. गोलकीपरनं चार सँडविचेस खाल्ली. परतीच्या वाटेवर त्यानं ती चारही परत केली, पहिला मैल संपायच्या आत, आणि त्याचं बघून आणखी सहा जणांना उमळून आलं. मेसईदचा संघ चार वाजून दहा मिनिटांनी मैदानावर उतरला तेव्हा निम्मे पिवळे आणि निम्मे ओले होते.

विल्यम वही घेऊन उभाच होता. दुखानचा आकडा त्यानं आधीच लिहिला होता, एकशे पाच. मेसईदचा आकडा ऐकून त्यानं पेन थांबवलं.

"एकशे एकोणचाळीस? गेल्या वर्षी प्रेक्षक घेऊन आलास तेव्हा सत्तर होते. मेसईद मागे सरकलं की काय?"

"रस्त्याचं काम," चार्ल्स मधेच म्हणाला. "डायव्हर्जन."

"एवढं?"

"मोठं काम आहे."

विल्यमनं शहाजीकडे बघितलं. शहाजी बुटांकडे बघत होता. दुखानची पोरं जमली, कुजबुज सुरू झाली. विल्यमनं चष्मा पुसला आणि नियमाप्रमाणे विचारलं, "हाफिज, तू मेसईदच्या गाडीत चढून बघ. तुझं समाधान आहे का सांग."

हाफिज गाडीकडे गेला. शहाजी त्याच्या मागून. पायरीजवळ हाफिज थबकला. मागच्या टायरच्या खाचांत समुद्रकाठची पांढरी ओली वाळू अडकली होती, आणि शिंपल्यांचा चुरा. कुठल्या डायव्हर्जनवर शिंपले असतात? हाफिजनं खाली बघितलं, शहाजीकडे बघितलं. शहाजीला वाटलं, आता हा ओरडणार, आणि ओरडला तर बरंच होईल. त्याच्या तोंडातून एवढंच निघालं, "हाफिजभाई, पंधरा तारखेला लेकीचं लगीन हाय माझ्या."

बुटाच्या टाचेनं हाफिजनं टायरवरची वाळू खरडून काढली, शिंपल्यांवर पाय देऊन माती सारली. मग गाडीत चढला, मीटर बघितला आणि दारातून सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला, "बरोबर आहे. एकशे एकोणचाळीस."

"बघ हां," विल्यम म्हणाला.

"बरोबर आहे म्हटलं ना."

मग शहाजी मैदानाच्या मधोमध गेला. पांढरा शर्ट घातलेला होता, दाढी केलेली होती. हात नेहमीसारखा वर गेला नाही, अर्ध्यातच राहिला. "भिंत मेसईद. रस्ता दुखान," तो म्हणाला, आणि मागच्या लोकांना ऐकू गेलं नाही म्हणून त्याला ते दुसऱ्यांदा म्हणावं लागलं. दुखानची पोरं हाफिजच्या अंगावर धावून गेली. तुला किती मिळाले, असंही एकानं विचारलं. हाफिज पाण्याचा कॅन उचलून रस्त्याकडे चालू लागला.

आणि मग मेसईदच्या वीरांनी सावलीत बसून काय पराक्रम केला? पहिल्या दहा मिनिटांत एक गोल खाल्ला. गोलकीपर पोट धरून उभा होता, चेंडू त्याच्या बाजूनं सुखरूप गेला. हाफटाइमला दोन. उशीर झाल्यामुळं दुसरा हाफ सव्वापाचला सुरू झाला, तोवर सूर्य खजुरांच्या मागं उतरला आणि भिंतीची सावली सरकत सरकत सगळं मैदान ओलांडून पार रस्त्यापर्यंत गेली. दोन्ही बाजू सारख्याच गार. एवढी उरस्फोड करून मिळवलेली सावली दुखानच्या बाकावरही फुकट पसरली होती. तीन शून्य. चार्ल्सनं शेवटची वीस मिनिटं डोक्यावर रुमाल घेऊन काढली.

शिट्टी वाजल्यावर तो तरातरा शहाजीकडे आला. "तो कागद दे जरा. एक करेक्शन आहे."

"करेक्शन लग्न झाल्यावर, साहेब."

"शहाजी!"

"सावली द्यायची ठरली हुती, कप न्हाई. सावलीत बसला का न्हाई?"

नियम चार्ल्सनं स्वतःच वाचलेला होता. तो बसमध्ये जाऊन बसला आणि मेसईद येईपर्यंत खिडकीबाहेर बघत राहिला. शहाजी धावत रस्त्याकडे गेला, पण दुखानची बस सुटायच्या बेतात होती. हाफिजनं त्याला बघून फक्त एवढंच म्हटलं, "गाडी सांभाळून ने," आणि गिअर टाकला. चहा त्या वर्षी राहिला.

शनिवारी सकाळी सात वाजता अर्ज पुढं गेला. खुरूज बारा तारखेला हातात पडला, तेरा तारखेचं विमान मिळालं. शहाजी गावी पोचला.

जुलैत तो परत आला आणि पहिलं काम केलं ते म्हणजे विल्यमकडे जाऊन सगळं सांगून टाकलं. बस कुठून नेली, का नेली, सगळं. "मला काढा," म्हणाला. विल्यमला त्या दिवशीच कळलं होतं, एक्स-रे काढणारा माणूस तो. त्यानं वहीतला नियम खोडला आणि पुढच्या वर्षीपासून नाणं उडवायचं ठरलं, या वेळी चादर अंथरून. समितीच्या बैठकीत चार्ल्सनं खेळातल्या प्रामाणिकपणावर दहा मिनिटं भाषण केलं. ज्यांनी ऐकलं ते सांगतात की भाषण फार छान झालं.

शहाजीचा मान गेला. पुढं एकोणनव्वदपर्यंत तो मेसईदला होता. फायनलला बस घेऊन यायचा तो नुसता ड्रायव्हर म्हणून. "अरे, तो बघा समुद्रावरून येणारा," असं कुणी हसलं तर तोही हसायचा. घरी लिहिलेल्या पत्रांत पंचाचा विषय निघेनासा झाला. याचं त्याला वाईट वाटायचं, खूप वाटायचं. पण परत तोच फाटा आला तर काय करशील, असं विल्यमनं एकदा विचारलं तेव्हा तो पटकन म्हणाला, "सरळ जाईन. ह्या खेपेला आधी चार अर्जांवर सह्या घीन."

हाफिजला तोंड दाखवायचं मात्र त्याच्यानं होईना. चौऱ्याऐंशीचा तो जुलै असाच गेला. ऑगस्टच्या एका शुक्रवारी दोह्यात बस लावायच्या जागी त्याला दुखानची बस दिसली. हाफिज पायरीवर बसून कलिंगड खात होता. शहाजी जवळ गेला. हातात गावाकडून आणलेल्या बुंदीचा डबा होता, महिनाभर तसाच ठेवलेला, बुंदीचे दगड झालेले.

"हाफिजभाई, माझं चुकलं. तुमाला माझ्यापायी खोटं बोलाय लागलं. पोरांनी तुमाला नाय नाय ते..."

"ते राहू दे," हाफिज म्हणाला. "बस इथं. लग्नाचं सांग."

"लग्नाचं काय सांगायचं? झालं चांगलं."

"असं नाय. पहिल्यापासून सांग."

शहाजीला समजेना. "तुमाला काय नवीन हाय त्यात? तुमच्या लेकीच्या, साजिदाच्या निकाहाचं तुमीच तर मला सांगितलं हुतं. तुमी स्वतः वाढप केलं, पावसानं मांडव गळला, तुमी छत्री धरून हुबं राहिला..."

"भावानं पत्रात लिहिलं होतं ते. वाढप त्यानं केलं. छत्री पण त्यानंच धरली." हाफिजनं कलिंगडाची फोड खाली ठेवली. "मी दुखानला होतो. सही नाय झाली. मी काय थांबवली नाय गाडी कुठल्या फाट्यावर. हो साहेब म्हटलं आणि कामाला गेलो."

शहाजी त्याच्या शेजारी पायरीवर बसला. मग शहाजीनं सांगायला सुरुवात केली. विमान कसं उशिरा आलं, हळदीच्या ऐन वेळेला तो कसा दारात उभा राहिला, शालननं हळदीच्या हातांनीच कशी मिठी मारली आणि पांढरा शर्ट कसा पिवळा झाला. जावई कसा आहे, व्याही कशावरून रुसले, पंगती किती उठल्या, बायडाबाई कुणावर खेकसली. हाफिज मधेमधे विचारत होता. भात पुरला का? मुलगी जेवली का त्या दिवशी? मुली जेवत नायत. शहाजी आठवून आठवून सांगत होता, काही सोडत नव्हता. आकडा चुकेल या भीतीनं माणूस मीटर वाचतो तसं त्यानं सगळं वाचून दाखवलं.

"आणि निघाली तेव्हा?" हाफिजनं विचारलं. "गाडीत बसली तेव्हा तू काय केलंस?"

"मी? मी काय करणार? रडलो. चार माणसांत, मोठ्यानं. भाऊ म्हणला, पैलवान ना रं तू."

हाफिजनं मान हलवली. बुंदीचा एक दगड उचलून तोंडात टाकला आणि बराच वेळ चघळत राहिला.

"मीही रडलो असतो," तो म्हणाला.